कायम नोकरीचा दावा कागदांवर टिकतो

ठाणे, नवी मुंबईत वर्षानुवर्षे रोजंदारीवर वा ठेकेदाराकडे राबणाऱ्या सफाई, उद्यान, पाणीपुरवठा कामगारांचे दावे अनेकदा पुराव्याअभावी कोसळतात. सर्वोच्च न्यायालयाच्या २००६च्या उमादेवी निकालाने मागच्या दाराने होणाऱ्या भरतीला चाप लावला. पण मंजूर रिक्त पदावर, कोर्टाच्या आदेशाविना दहा वर्षे काम केलेल्या पात्र कामगारांना एकवेळ कायम करण्याची सवलतही त्यातच आहे. हा भाग प्रशासन सोयीने विसरते. डिसेंबर २०२४च्या जग्गो निकालात सर्वोच्च न्यायालयाने त्याबद्दल कान उपटले, हे बरे झाले.

म्हणून आकृतिबंधात (पालिकेच्या मंजूर पदांच्या आराखड्यात) पद मंजूर आहे का, हे माहिती अधिकारात आधी विचारावे (शुल्क १० रुपये, मुदत ३० दिवस). हजेरीची प्रत आणि पगारपत्रके जपावीत. ठेकेदार बदलला की पीएफचा सदस्य क्रमांक बदलतो, यूएएन (पीएफचा कायमचा एकच क्रमांक) तोच राहतो; पासबुकांवरून सलग सेवा दाखवता येते.

ठेकेदारामार्फत असलेल्यांनी थेट औद्योगिक न्यायालयात अनुचित कामगार प्रथेची तक्रार करू नये. मालक-कामगार नातेच वादात असेल तर ती टिकत नाही (सर्वोच्च न्यायालयाचा सिप्ला निकाल, २००१). कंत्राट बोगस आहे, म्हणजे ठेकेदार नावापुरता असून खरा मालक पालिकाच आहे, हे आधी सिद्ध करावे लागते. हजेरीची प्रत मात्र पालिकांनीच दरमहा कामगाराच्या हाती द्यायला हवी.

— एक वाचक, कळवा, ठाणे