वेंतुरा हे अभिनेतेच

पोर्तुगीज दिग्दर्शक पेद्रो कोश्ता यांच्यावरील लेख (रविवार पुरवणी) वाचला. लेख अभ्यासपूर्ण आहे. पण कोश्ता यांच्या चित्रपटांत काम करणाऱ्या वेंतुरा यांना ‘स्वतःचेच आयुष्य जगणारा मजूर’ म्हणून एका ओळीत उरकले आहे, ते पटत नाही. केप व्हर्द या आफ्रिकी बेटांच्या देशातून लिस्बनला आलेले वेंतुरा बांधकाम मजूर होते, हे खरेच. परंतु कोश्ता यांच्या ‘कोलोसल यूथ’ या चित्रपटात (२००६) ते एकच प्रेमपत्र पुन्हा पुन्हा म्हणतात आणि प्रत्येक वेळी त्याचा भार वेगळा जाणवतो. त्याच चित्रपटात लिस्बनच्या गुल्बेंकियन कलासंग्रहालयात ते मौल्यवान चित्रांशेजारी भिंतीला टेकून नुसते उभे राहतात. रखवालदार येऊन कानाशी कुजबुजतो, ते निमूट निघून जातात आणि तो त्यांच्या पावलांच्या खुणा फडक्याने पुसतो. एक शब्द न उच्चारता अपमान इतक्या ताठ मानेने दाखवणे किती नटांना जमते? कोश्ता यांच्याच ‘विटालिना वारेला’मध्ये (२०१९) तर ते थरथरत्या हातांचे, श्रद्धा हरवलेले पाद्री झाले आहेत. हे त्यांचे आयुष्य नव्हे, भूमिका आहे. याच चित्रपटासाठी त्यातील नायिका विटालिना वारेला यांना स्वित्झर्लंडमधील लोकार्नो चित्रपट महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला; त्याही व्यावसायिक अभिनेत्री नव्हत्या. वेंतुरा यांच्या अभिनयावर स्वतंत्र लेख द्यावा, ही विनंती.

– एक वाचक, ठाणे