खानदेशच्या मुलींसाठी एक उंच छत द्या : क्रीडामंत्र्यांना खुले पत्र

प्रति,
मा. क्रीडा व युवक कल्याण मंत्री,
महाराष्ट्र राज्य, मुंबई.

विषय : खानदेशात रिदमिक जिम्नॅस्टिक्ससाठी एक हॉल आणि एक कायमस्वरूपी कोच मिळणेबाबत.

साहेब, सप्रेम नमस्कार.

मी अमळनेरची. घरी शिवणकाम करते. माझी लेक बारा वर्षांची आहे, सातव्या वर्षापासून रिदमिक जिम्नॅस्टिक्स करते. तिच्या हातात पहिल्यांदा रिबन बघून सासूबाईंनी विचारलं होतं, “हाऊ कसा खेय शे वं माय?” त्यांना जसं सांगितलं तसंच आपल्यालाही सांगते, कारण कागदोपत्री ‘जिम्नॅस्टिक्स’ एवढाच शब्द असतो आणि लोकांच्या डोळ्यांपुढे उडी मारायचा वॉल्ट नि लटकायचे बार येतात.

हा खेळ वेगळा. १३ बाय १३ मीटरचं कार्पेट, त्यावर एकटी मुलगी, सव्वा ते दीड मिनिटाचं संगीत आणि हातात हूप म्हणजे मोठं कडं, बॉल, क्लब्ज म्हणजे बाटलीच्या आकाराचे दोन दांडके, किंवा रिबन. वस्तू उंच फेकायची, ती हवेत असेतो खाली गिरक्या किंवा कोलांटी घ्यायची आणि पडायच्या आत झेलायची. बॉल ४०० ग्रॅमचा. तो बोटांनी आवळून धरायचा नाही, तळव्यावर अलगद ठेवायचा. रिबन ज्युनिअर मुलींची ५ मीटर, सीनियरची ६. तिला गाठ पडली की गुण गेले.

रिबनला वारा चालत नाही. पंख्याच्या झोताने ती मुलीच्याच अंगाभोवती गुंडाळते. म्हणून सराव पंखे बंद करून. अमळनेरच्या मे महिन्यात पारा ४४-४५ पर्यंत जातो, हे खानदेशात येऊन गेलेल्या माणसाला सांगायला नको. मुलींचा सराव चालतो एका मंगल कार्यालयात, फरशीवर सतरंजी अंथरून. गुडघे सोलतात, घोटे दुखतात. त्यातही शाळेला सुट्टी लागली, दिवसभर सराव करता आला असता, की नेमकी लग्नसराई सुरू होते आणि कार्यालय मिळत नाही. मग आम्ही गच्चीवर जातो, सूर्य उगवायच्या आत.

पण सगळ्यात मोठी अडचण छताची आहे. हूप पंख्याच्या पात्याला लागून खाली येतो, म्हणून मुली कमी उंच फेकायला शिकल्या. पहिल्या राज्य स्पर्धेला गेलो तेव्हा याचा अर्थ मला कळला. मोठ्या शहरांतल्या मुलींचा हूप पार वर गेला, तो खाली येईपर्यंत त्यांच्या तीन गिरक्या झाल्या. माझ्या लेकीचा हूप सवयीने अर्ध्यावरूनच परतला आणि तिची एकच गिरकी झाली. अंगाची लवचिकता तिच्यात त्यांच्याइतकीच होती, बाईंनी शिकवण्यात काही कमी ठेवलं नव्हतं. त्या रात्री रेल्वेत ती माझ्याशी बोलली नाही. मी तिच्या अंगाला घट्ट बसणाऱ्या खेळाच्या पोशाखाला, लिओटार्डला, रात्र रात्र जागून एकेक खडा चिकटवला होता, तो पोशाख घडी घालून पिशवीत ठेवताना माझे हात थरथरत होते.

आम्ही अर्ज केले. एका कार्यालयात ‘पुढच्या आर्थिक वर्षात बघू’ असं उत्तर मिळालं, आणि त्यालाही आता दोन वर्षं होतील. साहेब, या खेळात दोन वर्षं फार असतात. आंतरराष्ट्रीय नियमांनुसार मुलगी १३ ते १५ व्या वर्षी ज्युनिअर, सोळाव्या वर्षापासून सीनियर. विशीच्या पुढे थोडीच वर्षं खेळणाऱ्या बहुतेक जणी. ज्या वयात इतर खेळांत सुरुवात धरतात, त्या वयात आमच्या मुलींची कारकीर्द अर्धी होऊन गेलेली असते. सरकारी नोकरीतलं खेळाडूंचं ५ टक्के आरक्षण आम्हाला ठाऊक आहे, त्याचं मोल आहेच. पण तिथवर पोचायला आधी राज्य आणि राष्ट्रीय स्पर्धेत टिकावं लागतं.

१९८४ पासून हा खेळ ऑलिम्पिकमध्ये आहे. त्यात आजवर एकही भारतीय मुलगी उतरलेली नाही. माझीच लेक उतरेल असं मी म्हणत नाही. पण जिम्नॅस्टिक्सच्या दुसऱ्या प्रकारातली दीपा कर्माकर आगरतळ्याची होती, दिल्ली-मुंबईपासून किती लांब! २०१६ साली रिओत ती वॉल्टमध्ये चौथी आली. आपल्याच राज्यात ठाण्याच्या संयुक्ता काळेने रिदमिकमध्ये खेलो इंडियात सुवर्णपदकं मिळवली. म्हणजे शिकवणारे महाराष्ट्रात आहेत, ते जळगाव, धुळे, नंदुरबारपर्यंत पोचत नाहीत. दर आठवड्याला लेकीला घेऊन ठाण्याला जाणं शिलाईच्या पैशांत जमत नाही.

मागणी एवढीच आहे. तीन जिल्ह्यांत मिळून एक हॉल द्या. उंच छत, पंख्याशिवाय हवा खेळेल अशी रचना आणि खाली खरं कार्पेट. नवी इमारत बांधायला वेळ लागत असेल, तर आहे त्या क्रीडा संकुलातला एखादा उंच हॉल ठरलेल्या वेळी द्या. आणि एक प्रशिक्षित कोच इथे नेमा. आठ दिवसांच्या शिबिराने बाईंना नवे नियम कळतात, मुलींचं अंग घडत नाही. फेब्रुवारी २०२४ मध्ये ९७ व्या साहित्य संमेलनासाठी अमळनेरात केवढा मांडव उभा राहिला होता! मनावर घेतलं की आमच्या गावात काय होऊ शकतं, ते आम्ही डोळ्यांनी पाहिलंय.

येत्या जूनमध्ये लेकीला तेरावं वर्ष पूर्ण होईल. त्याआधी एकदा या, साहेब. संध्याकाळी सहाला सराव असतो, कार्यालयाची किल्ली माझ्याकडेच असते. मुलींना रिबन घ्यायला सांगते. पंखे बंद असतील, तेवढा उकाडा सहन करा.

आपली,
एका खेळाडूची आई
अमळनेर, जि. जळगाव