डाव्या शंखाला उजवा करू नका

संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

चित्राचे तोंड मजकुराकडे यावे म्हणून पान लावताना छायाचित्र आरशातल्यासारखे आडवे पालटतात. ढगांचे किंवा डोंगराचे चित्र पालटले तर कुणाचे काही बिघडत नाही. शंखाचे मात्र बिघडते, कारण त्याचे वेढे डावीकडे वळतात की उजवीकडे, यावरून तो डावा की उजवा हे ठरते.

‘ट्रायफोरा’ ही समुद्रातली चिमुकली गोगलगाय घ्या. तिचा शंख बहुधा ३ ते १० मिलिमीटर लांब आणि निमुळता असतो, वेढ्यांवर बारीक मण्यांच्या ओळी असतात. ती स्पंज या समुद्री प्राण्यात सोंड खुपसून खाते. ‘सेरिथिऑप्सिस’ ही दुसरी गोगलगायही स्पंजावरच जगते आणि तिचा शंख जवळजवळ तसाच, मण्यांसकट. चटकन दिसणारा फरक एकच : ट्रायफोरा डावी, सेरिथिऑप्सिस उजवी. चित्र पालटले की प्राण्याचे कुळच बदलते. खाली नाव बरोबर छापले असले तरी वाचक फसतो तो फसतोच.

ओळखायचे कसे? शंखाचे टोक वर आणि तोंड आपल्याकडे धरा. तोंड उजव्या हाताला आले तर शंख उजवा, डाव्या हाताला आले तर डावा. टोक खाली धरलेत तर तोंड दुसऱ्या बाजूला जाते आणि निदान उलटते. निम्मा घोळ इथेच होतो. वाळूतल्या बारीक शंखांचे तोंड बहुतेकदा फुटलेले असते. अशा वेळी टोकाकडून खाली पाहावे. टोकापासून बाहेर येणारे वेढे घड्याळाच्या काट्यांच्या दिशेने फिरत असतील तर शंख उजवा.

छायाचित्रकारांनीही थोडी काळजी घ्यावी. शंख आधी गोड्या पाण्यात धुवावा, नाहीतर वाळलेल्या मिठाचे कण मण्यांसारखे दिसतात. व्हिनेगर नको, त्यात शंखाचा चुना विरघळतो. चिमट्याने टोक मोडते. ओल्या ब्रशाच्या टोकाने शंख उचलून प्लॅस्टिसिनच्या (खेळण्यातल्या मऊ मातीच्या) गोळीवर टेकवावा. शेजारी आकडे लिहिलेली मिलिमीटरची पट्टी ठेवावी. चित्र कुणी पालटले तर आकडे उलटे दिसतात आणि चोरी पकडली जाते. सूक्ष्मदर्शकाला जोडलेला कॅमेराच प्रतिमा पालटतो आहे का, हे पाहायला वर्तमानपत्राचा छापील कपटा भिंगाखाली ठेवला की पुरे. अक्षरे नुसती डोक्यावर उभी असतील तर हरकत नाही, चित्र अर्धे फिरवून घ्यावे. आरशातल्यासारखी दिसली तर मात्र गडबड आहे.

ही चूक थोरांच्याही हातून झाली आहे. डच चित्रकार रेम्ब्रांटने १६५० मध्ये तांब्याच्या पत्र्यावर कोरलेला शंख छापताना उलटून कागदावर डावा उमटला. त्या जातीचा शंख असतो उजवा. आपली सही मात्र त्याने पत्र्यावर उलटी कोरली, म्हणून ती सुलटी छापली गेली!

आपल्याकडे विनंती इतकीच : शंखाचे चित्र पानात बसत नसेल तर हवे तेवढे फिरवा किंवा लहान करा, पण पालटू नका. आणि पट्टी कापू नका.

आपला,
शंख-शिंपल्यांचा एक अभ्यासक