ताबा जमिनीचा, की मुलाचा?

महोदय,
घटस्फोट व पोटगीवरील रविवारचा लेख वाचला. कायद्याची माहिती चांगली आहे. पण मूल त्यात फक्त ‘ताबा’ या एका शब्दापुरते येते, जणू सातबाऱ्यावरची जमीनच. याला माझा आक्षेप आहे. 1890 च्या पालक व पाल्य कायद्यातही (कलम 17) मूल जाणते असेल तर न्यायालय त्याची पसंती विचारात घेऊ शकते. घरात मात्र त्याला कुणी काही विचारत नाही. ‘लहान आहे, विसरेल’ म्हणून विषय संपतो.

मी सोलापुरात तीस वर्षे शिकवले. आठवीतला एक मुलगा दरवर्षी सिद्धेश्वरांच्या गड्ड्याला, म्हणजे जत्रेला, दोनदा जायचा, एकदा आईबरोबर, एकदा वडिलांबरोबर. मला म्हणाला, “बाई, दुसऱ्या वेळी पाळणा पहिल्यांदाच बघतोय असं दाखवायला लागतं.” आदल्या फेरीबद्दल चकार शब्द काढायचा नाही, हा त्याचा त्यानेच घालून घेतलेला नियम. भांडणे थांबल्याने घर शांत झाले, हेही तोच सांगायचा. म्हणजे विभक्त होणे हीच चूक, असे मला म्हणायचे नाही. पण कुठे राहायचे, सुट्टी कुठे घालवायची, हे ठरवताना आईवडिलांनी एकत्र बसून त्याला विचारायला हवे होते. कुणाची बाजू घेतोस, हे मात्र नव्हे.

– एक निवृत्त शिक्षिका, सोलापूर