मा. वनमंत्री महोदय, भ्यालेल्या जनावराला आणखी भिववू नका

प्रति,
मा. वनमंत्री,
महाराष्ट्र राज्य

महोदय, सादर नमस्कार.

मी जुन्नर तालुक्यातल्या, बिबट्यांचा वावर असलेल्या एका वस्तीवर राहते आणि कनिष्ठ महाविद्यालयात जीवशास्त्र शिकवते. घरची शेती आहे. मागच्या महिन्यात आमच्याकडे एक आठवडा शेतीपंपांना रात्रीची लाइट होती. नवरा कांद्याला पाणी द्यायला गेला होता. दीड वाजून गेला तरी परतला नाही, फोनही लागेना. मी दाराची कडी काढायला उठले आणि हात कडीवरच थांबला, कारण अंगणात काहीतरी खसफसलं. तोंडाला कोरड पडली, छाती धडधडायला लागली, तळहात ओले झाले. वाऱ्याने ताडपत्री हलली होती, एवढंच. पण ते कळल्यावरही पहाटेपर्यंत डोळ्याला डोळा लागला नाही.

त्या रात्री माझ्या शरीरात जे झालं, ते मी वर्गात फळ्यावर आकृती काढून शिकवते. मेंदूने धोका ओळखला की मूत्रपिंडांच्या वर बसलेल्या अधिवृक्क ग्रंथी अ‍ॅड्रेनलिन सोडतात. रक्तातली साखर वाढते, रक्त पोटाकडून स्नायूंकडे वळतं. पाठोपाठ कॉर्टिसॉल येतं आणि शरीराला बराच वेळ त्या तयारीत धरून ठेवतं. हे सगळं पळण्यासाठी किंवा झुंजण्यासाठी असतं, थांबून विचार करण्यासाठी नसतं. आणि साहेब, ह्याच ग्रंथी आणि हीच संप्रेरकं माझ्या घरामागच्या उसात बसलेल्या बिबट्याच्या अंगातही आहेत. हे पत्र त्यासाठीच लिहिते आहे.

आधी एक गोष्ट स्पष्ट सांगते. ऑक्टोबर-नोव्हेंबर २०२५ मध्ये शिरूर तालुक्यातल्या पिंपरखेड परिसरात तीन आठवड्यांच्या आसपास तिघांचे जीव गेले. त्यात दोन लेकरं होती. ज्या घरातलं लेकरू गेलं, त्या घराला 'बिबट्यालाही तणाव असतो' हे ऐकवायची हिंमत माझ्यात नाही आणि तसं कुणी ऐकवूही नये. माणसांवर पुन्हा पुन्हा हल्ला करणारं जनावर ओळखून हटवावंच लागतं, ह्याबद्दल माझ्या मनात शंका नाही. माझं म्हणणं उरलेल्या बिबट्यांबद्दल आहे. त्यांनी कुणाला काही केलेलं नसतं, पण लोकांचा राग शांत करायला पिंजरे लागतात, त्यात तेच आधी सापडतात आणि मग त्यांचं काय करायचं हा प्रश्न उभा राहतो.

ह्या प्रश्नाचं एक उत्तर आपण ह्याच तालुक्यात देऊन पाहिलेलं आहे. फेब्रुवारी २००१ पासून इथले बिबटे मोठ्या संख्येने पकडून दूरच्या जंगलात सोडायला सुरुवात झाली. हेतू चांगलाच होता. जंगलातलं जनावर जंगलात जाईल, गाव सुटेल. वन्यजीव शास्त्रज्ञ विद्या अत्रेय आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी नंतर त्याचा हिशेब मांडला. १९९३ ते २००१ ह्या काळात जुन्नर भागात माणसांवर वर्षाला सरासरी ४ हल्ले होत होते. २९ बिबटे असे हलवल्यानंतर ती सरासरी १७ वर गेली. त्याहून वाईट म्हणजे हल्ल्यांपैकी जीवघेण्या हल्ल्यांचं प्रमाण १८ टक्के होतं, ते ३६ टक्के झालं. म्हणजे हल्ले वाढले आणि ते जास्त घातकही झाले.

असं का व्हावं? बिबट्याचा इलाका म्हणजे त्याचं सगळं ज्ञान असतं. पाणी कुठे आहे, कोणत्या वस्तीवरचं कुत्रं बांधलेलं नसतं, कोणत्या वाटेवर किती वाजता माणूस येतो, कुठल्या ओघळीत दिवसभर निवांत पडता येतं, हे त्याला पाठ असतं. माणसाच्या इतक्या जवळ राहूनही बहुतेक बिबटे आपल्याला दिसत नाहीत, ते ह्या पाठांतरामुळे. अहिल्यानगर जिल्ह्यातल्या अकोले खोऱ्यात कॅमेरे लावून अभ्यास झाला, तेव्हा शेतीच्या मुलखात १०० चौरस किलोमीटरमागे जवळपास ५ मोठे बिबटे निघाले. विष्ठा तपासली तर त्यांचं सगळ्यात मोठं खाद्य कुत्री होती. म्हणजे जंगलातून वाट चुकून आलेले हे पाहुणे नव्हते. ते तिथलेच रहिवासी होते, आणि तरीही गाव नांदत होतं.

आता असं जनावर पिंजऱ्यात सापडलं की काय होतं पाहा. रात्रभर ते गजांवर डोकं आपटतं, दात मोडतात, नखं निघतात. सकाळी चारी बाजूंनी माणसं, मोबाइल, आरडाओरडा. मग भूल, गाडी, खडखडाट, आणि अनोळखी जागी दार उघडतं. तिथे आधीच दुसऱ्या बिबट्यांची हद्द असते. शिकार कुठे मिळेल ठाऊक नसतं, माणूस कधी समोर येईल ठाऊक नसतं. संप्रेरकं तर दिवसेंदिवस चढलेलीच. अशा जनावराने माणूस दिसल्यावर दबून बसावं ही अपेक्षा आपण कशाच्या जोरावर करतो? ते तिथे थांबत नाही, चालत सुटतं. २००९ मध्ये टाकळी ढोकेश्वरच्या विहिरीतून काढलेला एक वयस्कर नर गळ्यात पट्टा घालून माळशेज घाटात सोडला होता. तो महामार्ग आणि रेल्वेरूळ ओलांडत सुमारे १२० किलोमीटर चालून मुंबईच्या राष्ट्रीय उद्यानापर्यंत गेला. वाटेत त्याने एकाही माणसाला इजा केली नाही. पण प्रत्येक बिबट्याच्या वाट्याला तेवढा शांत प्रवास येत नाही. इकडे त्याची रिकामी झालेली जागाही रिकामी राहत नाही. ती दुसरा धरतो, पुष्कळदा वयात आलेला, अजून नवखा.

तणाव दिसत नाही म्हणून तो कागदावर येत नाही. पण तो मोजता येतो. कॉर्टिसॉलचे अवशेष विष्ठेत उतरतात, त्यामुळे जनावराला हातही न लावता ते तपासता येतं. राजस्थानातल्या सरिस्कात २००८ पासून रणथंबोरचे वाघ आणून सोडले. पहिले बछडे दिसायला २०१२ उजाडलं. तिथल्या वाघांच्या विष्ठेचा अभ्यास झाला, तेव्हा माणसांच्या वावरामुळे वाढलेला तणाव त्यात दिसला. कान्हा आणि बांधवगडमध्ये पर्यटकांच्या गाड्यांचा असाच परिणाम वाघांवर आढळला. हैदराबादच्या पेशीय व रेण्वीय जीवशास्त्र केंद्राच्या वन्यजीव प्रयोगशाळेत ह्या तपासण्या होतात. मग जुन्नरच्या बिबट्यांबद्दल निर्णय घेताना हा एक कागद आपल्या टेबलावर का नसावा?

आता माणसांकडे येते, कारण तिथेही हेच शरीर आहे. १९३६ साली हान्स सेल्ये ह्या शास्त्रज्ञाने उंदरांना थंडी, जखम, अतिश्रम अशा वेगवेगळ्या त्रासांतून नेलं. त्रास कोणताही असो, उंदरांच्या शरीरात बदल सारखेच सापडले: अधिवृक्क ग्रंथी सुजलेल्या, प्रतिकारशक्तीच्या ग्रंथी आक्रसलेल्या, जठरात व्रण. भीती महिनोन्महिने उतरली नाही की माणसाचंही असंच काहीसं होतं. झोप तुटते. मेंदूतला धोका हुंगणारा भाग तल्लख होतो आणि सबुरीने विचार करणारा भाग मागे पडतो. माझ्या वर्गातली एक हुशार मुलगी पावणेपाचच्या एसटीआधीच्या तासाला घड्याळाकडेच बघत बसते, कारण फाट्यापासून वस्तीपर्यंत तिला एकटीला उसाच्या कडेने चालायचं असतं. त्या तासाला मी काय शिकवलं ते तिला दुसऱ्या दिवशी आठवत नाही. ती आळशी नाही. तिचं शरीर तेव्हा दुसऱ्याच कामाला लागलेलं असतं. पिंपरखेडला बायका गळ्यात खिळ्यांचे पट्टे घालून शेतात जातानाच्या बातम्या आपण पाहिल्या असतील. तशा अवस्थेतल्या गावाकडून संयमाची अपेक्षा करणं चूक आहे. तिथे चिडलेल्या जमावाने वन विभागाची गाडी जाळली, ते मला मान्य नाही, पण त्या जमावातल्या माणसांना किती रात्री झोप नव्हती, हेही मला दिसतं.

आणि सगळ्यात वाईट वेळ कोणती, तर ही दोन भेदरलेली शरीरं समोरासमोर येतात ती. ऊसतोडीत बिबट्या दिसला की तासाभरात पाचशे माणसं फडाला वेढा घालतात. कुणी दगड मारतं, कुणी ट्रॅक्टर आत घालतं. जनावराला सुटायला वाट उरत नाही आणि ज्याने दिवसभर कुणाकडे पाहिलंही नव्हतं ते चार जणांना फाडून निघून जातं. दुसऱ्या दिवशी छापून येतं, 'बिबट्या पिसाळला'. साहेब, तो पिसाळलेला नसतो. त्याला आपण कोंडलेलं असतं.

ह्याच्या उलटही होतं आणि तेही आपल्याच माणसांनी करून दाखवलं आहे. तोडीत सापडलेली पिल्लं माणिकडोहच्या बिबट्या निवारा केंद्रातले डॉक्टर आणि वनरक्षक तपासतात आणि संध्याकाळी त्याच फडाच्या कडेला खोक्यात ठेवतात. माणसं लांब जातात, दिवे विझतात. रात्री आई येते, एकेक पिल्लू तोंडात धरते आणि निघून जाते. आमच्या शेजारच्या रानात हे झालं तेव्हा सगळ्या वस्तीने त्या संध्याकाळी घरातले टीव्हीसुद्धा बंद ठेवले होते. पिल्लं उचलून नेली असती तर ती मादी किती रात्री वस्तीभोवती घिरट्या घालत राहिली असती, ह्याचा विचार करा.

म्हणून माझी पहिली मागणी पिंजऱ्यांची नाही. जी गावं संभाव्य आपत्तीप्रवण म्हणून जाहीर केली आहेत, त्यांना शेतीसाठी दिवसाच वीज द्या. मुख्यमंत्री सौर कृषी वाहिनी योजना त्यासाठीच आहे. तिच्यात ह्या गावांचे फिडर, म्हणजे शेतीच्या वीजवाहिन्या, आधी घ्यायला ऊर्जा विभागाला तुम्ही स्वतः सांगा. रात्री दोन वाजता वाफ्यात वाकून पाण्याची दारं धरणारा माणूस बिबट्याला माणसासारखा दिसत नाही. ही एक गोष्ट झाली तरी शेकडो माणसं आणि बिबटे समोरासमोर येणं टळेल.

पकडलेला बिबट्या दूर नेऊन मोकळा सोडायचा नाही, हे लेखी धोरण पाळलं जावं, लोकांचा दबाव कितीही असो. जो हल्लेखोर ठरेल त्याला कायमचं आत ठेवा. पण तो हल्लेखोर आहे हे लाळेच्या नमुन्यांवरून आणि पायांच्या ठशांवरून सिद्ध करा, पिंजऱ्यात आधी कोण आलं त्यावरून नाही. नसबंदीचा उपायही पुढे आला आहे. तो प्रयोग जरूर करावा, पण आज जिवंत असलेल्या बिबट्यांचं वागणं त्याने उद्या बदलणार नाही, हे गावकऱ्यांना आधीच सांगा, म्हणजे नंतर फसवणूक झाल्यासारखं वाटणार नाही. आणि बचावकार्याच्या वेळी जमाव पांगवण्याची जबाबदारी एकट्या वनरक्षकावर टाकू नका. हातात काठी आणि समोर पाचशे माणसं, अशा अवस्थेत त्याच्याही अधिवृक्क ग्रंथी तेच काम करत असतात. त्याच्या सोबत पोलीस पाहिजेत, पहिल्या तासातच.

शेवटची मागणी छोटी वाटेल. मृताच्या कुटुंबाला २५ लाख रुपये मिळतात, ते मिळालेच पाहिजेत. पण ज्या भावाने बहिणीला ओढून नेताना पाहिलं, त्याच्याकडे नंतर कुणीच जात नाही. प्राथमिक आरोग्य केंद्रातून एक समुपदेशक त्या घरी, त्या शाळेत, निदान सहा महिने जात राहावा. तो कुठल्या विभागाच्या खर्चातून येतो हे ठरायला वेळ लागणार असेल, तर तोवर मला आणि माझ्या सहकारी शिक्षकांना त्याचं प्रशिक्षण द्या. शनिवार-रविवार आम्ही मोकळे आहोत.

पुढच्या आठवड्यात आमच्याकडे पुन्हा रात्रीची पाळी आहे.

आपली नम्र,
जुन्नर तालुक्यातील एक शिक्षिका