हाराचा एपिसोड

मनू,
काल तू फोन ठेवलास ते बरोबरच केलंस, मीच परत मेडिक्लेमचं काढलं. आज नाही काढणार असं ठरवून लिहायला बसलेय.

पण तू किती सहज म्हणालीस गं, आई, पुढच्या महिन्यात मालिकेत मला मारतायत, फोटोला हार घालून ट्रॅक संपवणार. तुझं ते रोजचं काम, माझ्या पोटात मात्र गोळा आला. १९ वर्षं झाली तुला या कामात, आधी हिरोइनची मैत्रीण मग वहिनी आणि आता ४१ व्या वर्षी सासू, ती सासूच गेली तर घरभाडं कुठनं आणणार, केलेल्या कामाचे पैसेसुद्धा तीन-तीन महिन्यांनी येतात असं तूच सांगतेस.

ए. के. हंगलसाहेबांचं मी उगाच काढत नाही. दोनशेच्या वर सिनेमे, १९७५ च्या शोलेतले रहीमचाचा कोणाला माहीत नाहीत, आणि २०११ ला पेपरात आलं की औषधपाण्याला पैसे नाहीत. बाबांनी ती बातमी वाचून पेपर नुसता घडी करून ठेवला, दिवसभर बोलले नाहीत. म्हणून म्हणते मेडिक्लेम... बघ, आलंच. सॉरी बाळा.

आपल्या नाशिकच्या परशुराम साईखेडकर नाट्यगृहात राज्य नाट्य स्पर्धेला तुला एकच वाक्य होतं आठवतं? दिवा घेऊन यायचं आणि म्हणायचं, वैद्यबुवा आलेत. महिनाभर तुझ्या तालमीत मी भाकरी थापत असले तरी मीच वैद्यबुवा. आणि प्रयोगात तू ज्योतीवर हात आडवा धरून आलीस, स्टेजवर कुठला आलाय वारा, पण मागची बाई हळूच म्हणाली, अगबाई विझेल तो. मला अभिनयातलं कळत नाही पण ते कळलं. तेव्हापासून तुला सोड म्हणायची माझी हिंमत झाली नाही, माई आत्या काहीही म्हणू दे.

बाबा गंगेवर, गोदावरीच्या घाटावर, फिरायला गेले की अजून जगदीश राजांचं सांगतात, सिनेमात १४४ वेळा पोलीस झाले आणि गिनीज बुकात गेले, मग आमची मनू सुरू होते.

जेवत जा वेळेवर. नाईट शिफ्टनंतर रिक्षाचा नंबर पाठवत जा, किती वेळा सांगू. चिडू नकोस.

हाराचा एपिसोड कधी आहे ते आधी सांग, त्या दिवशी मी टीव्ही लावणार नाही. बाबा बघतील. आणि पॉलिसी भरली असशील तर पावतीचा नुसता फोटो टाक, मी काही विचारणार नाही.

आई