गुलामी संपवणारा कायदा १८३३ चा नव्हे

संपादक महोदय,

‘ब्रिटिशांनी १८३३ साली साम्राज्यातून गुलामगिरी हद्दपार केली’ हे वाक्य शालेय निबंधापासून अग्रलेखापर्यंत सर्रास वाचायला मिळते. त्या कायद्याचे ६४ वे कलम काढून पाहावे. ईस्ट इंडिया कंपनीचा मुलूख, सिलोन आणि सेंट हेलेना त्यातून सरळ वगळले आहेत. कायदा लागू झाला तिथेही दोन कोटी पौंडांची भरपाई मालकांना मिळाली, गुलामांना नाही.

कंपनीच्या मुलखात कायदा आला तो १८४३ चा पाचवा. कलमे चारच, आणि ‘गुलामी बंद’ असे त्यात कुठेही म्हटलेले नाही. सारा थकला म्हणून किंवा कोर्टाच्या हुकूमनाम्यापोटी सरकारी अधिकाऱ्याने माणूस विकायचा नाही. माणसावरच्या मालकीचा हक्क कोणत्याही कोर्टाने बजावून द्यायचा नाही. गुलाम होता म्हणून कोणाची मिळकत काढून घ्यायची नाही. आणि स्वतंत्र माणसाबाबत जो गुन्हा, तो गुलामाबाबतही गुन्हाच.

या मांडणीमागचा विचार इंग्लंडमधील १७७२ च्या सॉमरसेट खटल्यात सापडतो. जेम्स सॉमरसेट या गुलामाला जमैकात विकण्यासाठी बेड्या घालून जहाजावर ठेवले होते. त्याला सोडताना न्यायमूर्ती लॉर्ड मॅन्सफिल्ड यांनी म्हटले की, गुलामी इतकी घृणास्पद आहे की नीतीच्या कोणत्याही युक्तिवादावर ती उभी राहू शकत नाही. तिला राज्याने केलेल्या कायद्याचाच टेकू लागतो. गुलामीविरोधी चळवळीला हे वाक्य फार आवडले, पण ते दुधारी होते. जिथे तसा कायदा आहे तिथे गुलामी शाबूत! अकराच वर्षांनी याच न्यायमूर्तींपुढे ‘झाँग’ या गुलाम वाहणाऱ्या जहाजाचे प्रकरण आले. शंभराहून अधिक माणसे जिवंत समुद्रात फेकली होती, आणि वाद चालला तो विम्याच्या रकमेचा.

१८४३ ने टेकू काढला, एवढेच. गुलाम बाळगणाऱ्याला शिक्षा नव्हती. माणसाची खरेदी-विक्री गुन्हा ठरली ती १८६२ पासून, दंडसंहितेच्या ३७० व्या कलमाने. तोवर वाड्यात राबणाऱ्या कुणबिणीने, म्हणजे दासीने, सुटकेसाठी जायचे कुठे? मालकाला तर कोर्टाची गरजही नव्हती, कारण धान्य आणि निवारा त्याच्याच हाती होता.

शिवाय टेकू दुसऱ्या दाराने परत आला. १८५९ च्या तेराव्या कायद्यानुसार आगाऊ पैसे घेऊन काम सोडणाऱ्या कारागीर-मजुराला मॅजिस्ट्रेट कामावर परत पाठवू शकत असे, आणि हुकूम मोडल्यास तीन महिन्यांपर्यंत कैद. माणूस विकत घ्यायचा नाही, पण उचल देऊन बांधून ठेवायचा, आणि पळाला तर सरकार पकडून देणार. हा कायदा विसाव्या शतकाच्या तिसऱ्या दशकापर्यंत टिकला. गुलामगिरीच्या इतिहासात त्याचा उल्लेखही सहसा नसतो.

१९७६ च्या वेठबिगार निर्मूलन कायद्याचे मोल इथे कळते. त्याने मजुराला नुसते मोकळे केले नाही, तर ज्या कर्जापोटी तो बांधला गेला ते कर्जच रद्द ठरवले. त्याहून महत्त्वाचे १५ वे कलम: कर्ज वेठबिगारीचे आहे असे मजुराने म्हटले, की ते तसे नाही हे सिद्ध करण्याची जबाबदारी पैसे देणाऱ्यावर. तेव्हा ऊसतोडीची उचल फिटली नाही म्हणून मुकादमाने कोयता, म्हणजे नवरा-बायकोची जोडी, अडवून ठेवल्याची तक्रार आली, तर मजुराकडेच पुरावा मागून त्याला परत पाठवणे या कलमाच्या नेमके विरुद्ध आहे. कागद मुकादमाकडे मागायला हवेत.

— एक वाचक, पुणे